पोथीत न सापडणारी जवारी

एक प्राचीन पोथी आहे म्हणे. ठरावीक स्वर ठरावीक वेळ लावला की दगड हलका होतो, तांब्याचं सोनं होतं, असं तीत लिहिलंय. पोथी कुणी पाहिलेली नाही, पण तिची महती मोबाइलवर फिरत असते. संपादकांनी तो मजकूर मला धाडला आणि खाली दोनच शब्द टाकले, ‘बघता का?’ नसलेल्या पोथीसाठी पोथीशाळा धुंडाळण्यात मला रस नव्हता. मी मिरज गाठलं. आवाज आणि पदार्थ यांची झटापट जिथे रोज चालते, अशी माझ्या माहितीतली जागा तीच.

खऱ्या जुन्या ग्रंथात काय आहे? तेराव्या शतकात देवगिरीच्या सिंघण यादवाच्या पदरी हिशेबाचं खातं सांभाळणाऱ्या शार्ङ्गदेवानं ‘संगीतरत्नाकर’ लिहिला. नाद देहात कसा उपजतो, याची चर्चा तो करतो. पण 22 श्रुती पटवून द्यायची वेळ आली की सरळ दोन वीणा मागतो, प्रत्येकीला 22 तारा. एक आहे तशी ठेवायची, दुसरी पायरीपायरीनं उतरवत पहिलीशी ताडून बघायची. हिशेबनिसाला शोभेल असाच ताळा.

मिरजेचा इतिहास दुकानांच्या पाट्यांवरही थोडाफार वाचता येतो. एकोणिसाव्या शतकात हत्यारांना धार लावणाऱ्या शिकलगारांपैकी फरीदसाहेब वाद्यांकडे वळले. पटवर्धन संस्थानिकांचा आश्रय मिळाला, आणि पुढे ‘सतारमेकर’ हे आडनावच होऊन बसलं. गायक अब्दुल करीम खाँसाहेब याच गावात राहिले, इथेच दफन झाले. एवढं पुरे, कारण मला ज्यानं खिळवून ठेवलं ते यातलं काहीच नव्हतं. खिळवून ठेवलं ते बोटभर रुंदीच्या हाडाच्या एका पट्टीनं.

तिला घोडी म्हणतात. तंबोऱ्याच्या तबलीवर, म्हणजे भोपळ्यावरच्या लाकडी झाकणावर, ती बसते आणि तारा तिच्यावरून जातात. दिसते सपाट, पण तारेच्या दिशेनं तिला इतका हलका उतार दिलेला असतो की डोळ्याला पत्ता लागत नाही. कंप पावणारी तार त्या उताराला पुन:पुन्हा ओझरती लागत राहते आणि कोरड्या टणत्काराचं गुंजन होतं. हीच जवारी. वर तार आणि घोडी यांच्यामध्ये सुताचा दोरा सरकवायचा. तो केसभर इकडेतिकडे झाला तरी गुंजन मरतं.

जवारी लावणाऱ्या वृद्ध कारागिराला दुकानात सगळेच चाचा म्हणतात. कानस दोनदा फिरवायची, फुंकर मारायची, तार चढवायची, छेडायची, नाक मुरडायचं, तार उतरवायची. पुन्हा कानस. मध्येच एकदा ते मान तिरकी करून बराच वेळ ऐकत राहिले. मला आधीच्या आणि आताच्या आवाजात काडीचा फरक कळला नव्हता.

‘चाचा, जास्त घासली गेली तर?’

‘संपलं. घासलेलं हाड परत येतंय होय?’

‘मग कधी थांबायचं, हे कसं कळतं?’

‘तार सांगते. तुमी गप बसा, मला ऐकू द्या.’

गप्प बसलो. या हाडाच्या पट्टीनं एकेकाळी भौतिकशास्त्राचा एक नियमही मोडून दाखवला आहे. तार जिथे छेडाल तिथे ज्या उपस्वरांचा स्थिर बिंदू असतो, ते उपस्वर ऐकू येता कामा नयेत, असा यंग आणि हेल्महोल्ट्झ यांचा नियम. म्हणजे तार बरोबर मध्यावर छेडली तर वरचा षड्ज गायब व्हायला हवा. तंबोऱ्यात तो होत नाही, चांगला ठणठणीत ऐकू येतो. चंद्रशेखर व्यंकट रामन यांनी 1921 साली कलकत्त्यात हे मांडलं आणि कारण म्हणून या रुंद घोडीकडेच बोट दाखवलं. चमत्कारच हवा असेल तर माझ्या मते हा पुरेसा आहे.

मात्र तो टिकवायला जे लागतं, ते एकेक करून निसटतंय. हस्तिदंत आणि सांबरशिंग कायद्यानं बंद झालं, ते योग्यच झालं. आता उंटाचं हाड वापरतात, नाहीतर कृत्रिम पट्टी. भोपळे येतात पंढरपूर-मंगळवेढ्याकडून. हा कडू भोपळा खायच्या कामाचा नाही. वेलावर पूर्ण पिकून कडक वाळेपर्यंत रान अडवून बसतो, आणि ऐन वाळण्याच्या वेळी अवकाळी पाऊस आला की नासतो. उसाचं पाणी शेजारून वाहत असताना शेतकऱ्यानं तो का लावावा? मोठ्या घेराचा, सारख्या गोलाईचा भोपळा हाती लागला की कारागीर तो दाखवायला आतून उचलून आणतात, यावरून काय ते समजावं.

2024 मध्ये मिरजेच्या सतारीला आणि तानपुऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं. नकली मालाला त्यानं थोडा आळा बसेल. पण गाणं शिकणारी मुलं मोबाइलमधल्या तानपुऱ्यावर रियाज करतात. त्याला ना भोपळा लागतो ना जवारी, आणि पावसाळ्यात तो उतरतही नाही. कानस धरायला नवी पोरं येत नाहीत, कारण कान तयार व्हायला वर्षं जातात आणि तोवर घर चालत नाही.

चाचांना सगळ्यात जास्त छळतं ते परदेशातलं गिऱ्हाईक. तारेच्या घासण्यानं घोडीवर चरे पडतात आणि वर्षा-दोन वर्षांत जवारी बसते. मग व्हिडिओ कॉल येतो. पलीकडून कुणीतरी तंबोरा फोनला टेकवून छेडतं आणि विचारतं, काय बिघडलंय? फोनमधून खर्ज धड येतच नाही. घोडी काढून पार्सलनं पाठवा म्हणावं, तर जवारी शेवटी त्याच तंबोऱ्यावर तारा चढवून लावावी लागते. आणि आख्खा तंबोरा पाठवायचा तर वाटेत भोपळा फुटायची धास्ती. चाचा दोरा थोडा पुढे-मागे सरकवून बघायला सांगतात, आणि बहुतेकदा तेवढ्यावरच फोन ठेवावा लागतो.