स्वतःच्या खात्याचे स्वतःच लेखापरीक्षण

नाशिकच्या सराफ बाजारातील तीन पिढ्यांच्या एखाद्या पेढीवर निरोप येतो, अशी कल्पना करावी : “आपल्या आजोबांचे व फर्मचे विकिपीडियावर पान तयार करून देतो, खर्च एवढा येईल.” आजोबांनी धर्मशाळा बांधलेली, पांजरपोळास देणगी दिलेली. नातवाला मोह पडणे स्वाभाविक आहे. मात्र होकार देण्यापूर्वी हा व्यवहार नीट समजून घेणे हिताचे.

विकिपीडिया २००१ मध्ये इंग्रजीत सुरू झाला. मराठी विकिपीडिया २००३ मध्ये आला. वाईच्या मराठी विश्वकोशात नोंद जाणकार लेखक लिहितो आणि संपादक ती तपासतात. विकिपीडियात मात्र कोणीही लिहू शकतो. म्हणून त्याची सारी पत दोन दंडकांवर उभी आहे. मजकुराला स्वतंत्र, विश्वसनीय आधार हवा. आणि ज्याचा हितसंबंध गुंतला आहे, त्याने त्या विषयाचा लेख शक्यतो स्वतः लिहू नये. कीर्द लिहिणाऱ्यानेच तिचे लेखापरीक्षण करू नये, हे व्यापाऱ्यास वेगळे सांगण्याची गरज नाही.

हा दंडक मोडल्यास काय होते, याचे उदाहरण भारतातच घडले. ‘इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ प्लॅनिंग अँड मॅनेजमेंट’ या संस्थेविषयीच्या लेखात पक्षपाती फेरफार केल्याच्या प्रकरणात, प्रचालकपदापर्यंत पोहोचलेल्या एका सदस्यावर विकिपीडियाच्या लवाद समितीने फेब्रुवारी २०१५ मध्ये बंदी घातली. तत्पूर्वी, २०१४ मध्ये, दिल्ली उच्च न्यायालयाने या संस्थेस आपल्या अभ्यासक्रमांसाठी ‘एमबीए’, ‘बीबीए’ ही नावे वापरण्यास मनाई केली होती. लाखो रुपये शुल्क भरण्याआधी माहिती शोधणाऱ्या पालकाने असे पान निःपक्ष समजून वाचले असेल, तर त्याचे नुकसान कोणत्या खतावणीत मांडायचे?

पैसे देऊन पान करवून घेणाराही सुरक्षित नसतो. २०१५ मध्येच इंग्रजी विकिपीडियाने ३८१ खाती एकाच वेळी बंद केली. ज्यांचे लेख नाकारले गेले होते अशा छोट्या व्यावसायिकांना गाठायचे, लेख प्रसिद्ध करण्याचे पैसे घ्यायचे आणि पुढे त्याच्या ‘संरक्षणासाठी’ दरमहा रक्कम मागायची, अशी ती टोळी होती. मोबदला घेऊन लिहिणाऱ्याने तसे जाहीर करणे २०१४ पासून बंधनकारक आहे. शिवाय प्रत्येक फेरफार पानाच्या ‘इतिहासा’त नोंदला जातो. आज घुसवलेली प्रशंसा उद्या पुराव्यासह उघडी पडते आणि मिळवायला निघालेली प्रतिष्ठा उलट जाते.

श्रावकाला हा विवेक नवा नाही. तत्त्वार्थसूत्राच्या सहाव्या अध्यायात उमास्वातींनी परनिंदा व आत्मप्रशंसा, दुसऱ्याचे असलेले गुण झाकणे आणि स्वतःचे नसलेले गुण मिरवणे, ही नीच गोत्रकर्माच्या आस्रवाची कारणे म्हणून सांगितली आहेत. सातव्या अध्यायात सत्य अणुव्रताच्या अतिचारांत कूटलेखक्रिया, म्हणजे खोटा लेख तयार करणे, गणली आहे. तो लेख कागदावर असो वा पडद्यावर, दोष तोच.

मग आजोबांची स्मृती जपायची कशी? मार्ग सरळ आहे. कुटुंबाचा इतिहास आपल्या नावाने स्मरणिकेत छापावा. जुन्या वह्या, पत्रे, छायाचित्रे सांभाळून ठेवावीत व अभ्यासकांना खुली करावीत. स्मरणिकेची एक प्रत १८४० साली स्थापन झालेल्या नाशिकच्या सार्वजनिक वाचनालयासारख्या ग्रंथालयास द्यावी. विकिपीडियावर पान आधीच असेल आणि त्यात चूक असेल, तर आपले नाते उघड सांगून चर्चापानावर आधारासह दुरुस्ती सुचवावी. निर्णय इतरांवर सोडावा.

धर्मशाळेत उतरलेल्या प्रवाशाने आजोबांचे नाव कृतज्ञतेने काढले, तर ती खरी नोंद. ती विकत घेता येत नाही, आणि कोणाला पुसताही येत नाही.