जेवणाच्या सुट्टीत अख्खा आशिया

रॅफल्स प्लेसच्या जागी पूर्वी एक टेकडी होती. ती आता नदीकाठी आडवी झोपली आहे. १८२२ साली सर स्टॅमफर्ड रॅफल्स यांच्या हुकमावरून मजुरांनी ती फोडली, माती पाट्या भरभरून सिंगापूर नदीच्या दलदलीत ओतली आणि त्या भरावावर बोट की हा धक्का उभा राहिला. टेकडी गेली तिथं चौक आला. सिंगापूरच्या बँकांचं, दलालांचं आणि टायवाल्या साहेबांचं हे माहेरघर म्हणजे मुळात एक खोदकाम आहे.

मुंबईकराला यात नवल वाटायचं कारण नाही. भराव हा आपलाही वडिलोपार्जित धंदा. फरक इतकाच, की आपण नरिमन पॉइंटपाशी दमलो आणि हे लोक थांबलेच नाहीत. स्वातंत्र्याच्या सुमारास जेमतेम ५८० चौरस किलोमीटर असलेला देश आज ७३० च्या पुढे गेलाय. चौकापासून चार पावलांवर तेलोक आयर नावाचा रस्ता आहे. मलय भाषेत ‘तेलोक’ म्हणजे उपसागर आणि ‘आयर’ म्हणजे पाणी. या रस्त्यावरच्या थिआन हॉक केंग मंदिरात समुद्रदेवी माझू आहे. चिनी खलाशी होडीतून उतरले की तिच्या पाया पडत. आज देवी तिथंच आहे, समुद्र मात्र गगनचुंबी इमारतींच्या पलीकडे हाकलला गेलाय.

आशिया खंड साधारण साडेचार कोटी चौरस किलोमीटरचा. जगातल्या दर दहा माणसांतली सहा माणसं इथली. एवढा पसारा एका लेखात कोंबायचा म्हणजे हत्तीला पिशवीत घालणं. म्हणून आपण दुसरी वाट धरू. दुपारी ऑफिसं सुटली की रॅफल्स प्लेसला उभं राहायचं, आणि दोनेक किलोमीटरच्या रिंगणात पायी किंवा मेट्रोनं जे सापडेल तेवढं गोळा करायचं. बघा किती सापडतं.

साहेबाचं दुकान, पारशाची भागी

आधी चौकाचं नाव. १८५८ पर्यंत हा नुसता ‘कमर्शियल स्क्वेअर’ होता, नंतर रॅफल्स प्लेस झाला. गंमत म्हणजे रॅफल्स प्लेसला रॅफल्सचा पुतळा नाही. तो पाहायला नदी ओलांडून जावं लागतं. ज्याच्या नावानं अर्धं शहर चालतं तो माणूस सिंगापुरात आला तीनदाच. त्याचा जन्मही जमिनीवरचा नाही. जमैकाजवळच्या समुद्रात, जहाजावर.

आता मेट्रो स्टेशनाकडे वळू. वर येताना एक प्रवेशद्वार जुन्या इंग्रजी दुकानाच्या दर्शनी भागासारखं दिसतं. ते ‘जॉन लिटल’ या दुकानाची नक्कल आहे. जॉन लिटल म्हणजे गोऱ्या मडमांचं खरेदीचं ठिकाण, अगदी तालेवार. पण १८४० च्या दशकात या दुकानाची पाटी होती ‘लिटल, कर्सेटजी अँड कंपनी’. हे कर्सेटजी फ्रामुर्झी पारशी. १८५३ मध्ये ते भागीतून बाहेर पडले आणि पाटीवर साहेब एकटा उरला. बाजूच्या रॉबिन्सन्स दुकानाला १९७२ च्या नोव्हेंबरात आग लागली आणि नऊ माणसं गेली. त्याही आधी, ८ डिसेंबर १९४१ च्या पहाटे, जपानी विमानांनी सिंगापूरवर पहिले बॉम्ब टाकले, त्यांतले काही याच चौकात पडले. शहराचे दिवे तेव्हा चालूच होते.

चौकातून धक्क्याकडे जाणारा बोळ म्हणजे ‘चेंज अ‍ॅली’. नाव लंडनहून आणलेलं, गल्ल्यावर बसलेली माणसं मात्र बरीचशी भारतीय. जहाजावरून उतरलेला खलाशी इथं कुठल्याही देशाची नोट देऊन कुठल्याही देशाची घेऊ शकायचा. घासाघीस अर्थात चालायची. १९८९ मध्ये तो बोळ मिटला. शेजारच्या मार्केट स्ट्रीटवर तमिळ चेट्टियार सावकार पेटीपुढे मांडी घालून बसत. चुलिया स्ट्रीट तमिळ मुसलमान व्यापाऱ्यांची. आणि समुद्राकडे तोंड करून १९०९ मध्ये उभी राहिलेली आर्केड नावाची इमारत बांधली अल्काफ या अरब घराण्यानं. ते मूळचे येमेनच्या हद्रमौतचे. एका चौकाच्या चार बाजूंना आशियाचे चार कोपरे असे टेकलेले.

डलहौसीचा खांब, झाशीची पलटण

आता नदीकडे चला, कारण खरा मसाला तिथं आहे.

नदीपलीकडे एक टोकदार दगडी खांब दिसतो. तो लॉर्ड डलहौसीच्या सन्मानार्थ. हो, तोच, आपल्या शाळेच्या पुस्तकातला. १८४८ मध्ये सातारा खालसा केला आणि दोन वर्षांत, १८५० च्या फेब्रुवारीत, हा गृहस्थ सिंगापूरला येऊन गेला. तेव्हा सिंगापूरचा कारभार कलकत्त्याहून चालायचा. म्हणजे गव्हर्नर जनरल हा यांचाही मालक. खुश झालेल्या व्यापाऱ्यांनी खुल्या व्यापाराची स्तुती चार लिप्यांत कोरून खांब उभारला. साताऱ्यात त्याच काळात या माणसाबद्दल जे बोललं जात असेल ते कोरायला लिपी पुरली नसती.

१८५४ मध्ये डलहौसीनं नागपूर आणि झाशी गिळलं. तांब्यांची मनू, नेवाळकरांची सून, हिनं पुढं काय केलं ते सांगायला नको. पण तिचं नाव सिंगापुरात कसं पोचलं ते सांगायला हवं. रॅफल्स प्लेसहून मेट्रोनं दोन स्टेशनं गेलं की येतं धोबी घाट. खरंच, स्टेशनाचं अधिकृत नावच ते. त्याला लागून असलेल्या कॅथे इमारतीत २१ ऑक्टोबर १९४३ ला नेताजींनी आझाद हिंद सरकारची घोषणा केली. दुसऱ्याच दिवशी जवळच्या वॉटर्लू स्ट्रीटवर ‘झाशीची राणी’ पलटणीची छावणी सुरू झाली. प्रमुख कॅप्टन लक्ष्मी. हाती बंदूक घेणाऱ्या पोरींत मलायाच्या रबर मळ्यांतल्या तमिळ मजुरांच्या लेकी पुष्कळ होत्या. त्यांतल्या अनेकींनी भारत डोळ्यांनी पाहिलेलाही नव्हता, मराठी तर दूरच. एका मराठी बाईच्या नावानं तमिळ मुली सिंगापुरात कवायत करताहेत आणि तिथून जेमतेम दीड-दोन किलोमीटरवर डलहौसीचा खांब उभा आहे. इतिहासाला विनोदबुद्धी नाही असं म्हणणाऱ्यांनी इथं येऊन एक चक्कर मारावी.

चक्कर मारताना पूल ओलांडावा लागतो. कॅव्हेना ब्रिज, १८६९ चा, लोखंड ग्लासगोचं. पुलावर अजून एक जुनी पाटी आहे: तीन हंड्रेडवेटपेक्षा जड वाहनांना आणि गुरंढोरं, घोडे यांना बंदी. हंड्रेडवेट म्हणजे साधारण ५० किलो. म्हणजे भरलेली हातगाडीसुद्धा गुन्हेगार. आज हा पूल फक्त पायी चालणाऱ्यांचा आहे, आणि ज्याचं नाव त्याला दिलंय त्या ऑर्फर कॅव्हेनाला एक पाय नव्हता. तो कुठे गेला? २९ डिसेंबर १८४३ रोजी, ग्वाल्हेरजवळ महाराजपूरच्या लढाईत, शिंद्यांच्या फौजेशी लढताना. तोफेच्या गोळ्यानं घोट्याच्या वर पाय तोडला आणि खालचा घोडाही मारला. माणूस मात्र टिकला आणि पुढे भारत सरकारनं नेमलेला सिंगापूरचा शेवटचा गव्हर्नर झाला. १ एप्रिल १८६७ ला सिंगापूर कलकत्त्याच्या हातून सुटून थेट लंडनकडे गेलं. इथल्या व्यापाऱ्यांनी १८५७ मध्येच अर्ज केला होता, की आम्हाला हिंदुस्थानच्या कारभारातून सोडवा. कारणं अनेक, पण एक कारण ठसठशीत: तुमचे कैदी आमच्या माथी का?

कारण हिंदुस्थानातले जन्मठेपवाले इथं धाडले जात, मुंबई इलाख्यातलेसुद्धा. त्यांनीच हे शहर बांधलं म्हटलं तरी चालेल. रॅफल्स प्लेसच्या पुढच्याच स्टेशनावरचं पांढरंशुभ्र सेंट अँड्र्यूज कॅथीड्रल त्यांच्या हातचं. त्याच्या भिंतींच्या गिलाव्यात शिंपल्यांचा चुना, अंड्याचा पांढरा बलक आणि साखर घोटली होती. म्हणजे लाडवाला लागणारं निम्मं सामान भिंतीत गेलं.

नदीच्या मुखाशीच एक मोठा शिलालेख होता. कुणालाच न वाचता आलेली लिपी, माणसापेक्षा उंच दगड. १८४३ मध्ये इंग्रजांनी तो सुरुंग लावून उडवला, बांधकामाला जागा हवी म्हणून. उरलेला एक तुकडा राष्ट्रीय संग्रहालयात आहे आणि विद्वान अजून त्याच्याकडे टक लावून बसलेत. नदीच्या मुखापासून जवळच मर्लायन, सिंहाचं तोंड आणि माशाचं धड, तोंडातून पाण्याची चूळ. पर्यटनवाल्यांच्या बोधचिन्हातून १९७२ मध्ये तो पुतळा झाला. आपल्याला नवीन काय त्यात? मत्स्य आणि नरसिंह, दोन अवतार एका तिकिटात. बाकी ‘सिंहपूर’ हे नाव संस्कृत, आणि जंगलात सिंह कधी नव्हताच.

प्रेमाची चिंता

भाषेचा मामला तर त्याहून चटकदार. मलय भाषेत ‘चिंता’ म्हणजे प्रेम. शब्द आपलाच, संस्कृतातला. समुद्र ओलांडताना अर्थ बदलला, किंवा बदललाच नाही असं अनुभवी लोक म्हणतील. ‘सुआमी’ म्हणजे नवरा आणि ‘इस्तरी’ म्हणजे बायको. आपली कपड्यांची इस्त्री वेगळी, ती पोर्तुगीजांची देणगी. तेव्हा मलय मित्रानं ‘माझी इस्तरी घरी आहे’ म्हटलं तर शर्ट चुरगळलाय असं समजू नये. कपड्यांसाठी त्यांच्याकडे ‘दोबी’ आहे, म्हणजे धोबीच.

पोर्तुगीजांचा विषय निघालाच आहे तर: आफोन्सो द आल्बुकर्कनं १५१० मध्ये गोवा घेतलं आणि १५११ मध्ये मलाक्का. त्यामुळे गोव्याची ‘इगर्ज’ मलयमध्ये ‘गेरेजा’ झाली, ‘जनेल’ची ‘जेंदेला’ झाली आणि अननस तिथं ‘नानास’ म्हणून विकला जातो. पण एक सापळा आहे. इथल्या टपरीवर वाफाळता ‘पाउ’ मिळतो. तो आपल्या पावाचा भाऊ नव्हे. आपला पाव पोर्तुगीज, यांचा पाउ चिनी. नुसते नावभाऊ, आणि दोघांच्याही पोटात काहीतरी भरायची सोय आहे एवढंच साम्य.

उलट दिशेचा प्रवासही आहे. आपला काकाकुवा हा मलय ‘काकातुआ’. भीमसेनी कापूर येतो बोर्निओ-सुमात्राच्या उंच झाडांतून. सुमात्राच्या बारुस बंदरावरून त्याचं मलय नाव ‘कापुर बारुस’, आणि गुजराती दुकानदार त्यालाच ‘बरास’ म्हणतो. आणि सगळ्यात मोठा धक्का: एकादशीचा साबुदाणा. मूळ शब्द मलय ‘सागु’, एका ताडासारख्या झाडाच्या गाभ्याचं पीठ. एकोणिसाव्या शतकात सिंगापूर ही मोत्यासारख्या सागूची मोठी पेठ होती. चौकापासून किलोमीटरभरावर सागो स्ट्रीट आणि सागो लेन आजही आहेत, तिथल्या जुन्या कारखान्यांची नावं मिरवत. आज आपल्याकडे मिळणारा साबुदाणा मात्र टॅपिओकाचा, आणि टॅपिओका मूळचा दक्षिण अमेरिकेचा. बटाटा, शेंगदाणा, मिरचीही अमेरिका खंडांकडचीच. म्हणजे विठोबाच्या नावानं आपण जी खिचडी खातो तिचं नाव मलय आणि सामान बरंचसं अमेरिकन. उपास मात्र शंभर टक्के आपला.

भूक लागली असेल तर लाउ पा सात गाठा. १८९४ चा अष्टकोनी बाजार, बिडाचे खांब ग्लासगोहून आलेले. ‘लाउ’ हॉकियन चिनीत म्हणजे जुना. ‘पा सात’ म्हणजे मलय ‘पासार’, तो आला फारसी ‘बाजार’वरून. नावातच इराण, मलाया आणि चीन. आणि काउंटरवर कॉफी मागताना तर राष्ट्रसंघच भरतो. ‘कोपी-ओ कोसोंग’ म्हणा: ‘कोपी’ मलय, ‘ओ’ हॉकियन, म्हणजे काळी, आणि ‘कोसोंग’ पुन्हा मलय, म्हणजे शून्य, इथं साखर शून्य. बर्फ हवा असेल तर पुढे ‘पेंग’ जोडा. चहा हवा असेल तर ‘ते’ म्हणा. फुकियनचे हॉकियन लोक ‘ते’ म्हणत, चीनचा बराचसा भाग ‘चा’. मलयनं आणि इंग्रजीनं पहिला उचलला, आपण दुसरा. पेला एक, भांडण नाही.

वर मान केली तर तीन इमारती एकाच उंचीच्या दिसतील: वन रॅफल्स प्लेस, यूओबी प्लाझा, रिपब्लिक प्लाझा. तिन्ही २८० मीटर. हे वास्तुशास्त्र नव्हे, विमानांच्या मार्गामुळे घातलेली मर्यादा. पहिल्या दोन केन्झो टांगे यांच्या, तिसरी किशो कुरोकावा यांची, दोघेही जपानी. ज्या चौकावर जपानी बॉम्ब पडले त्यावर सावली आता जपानी नकाशांची.

आणि सावलीवरून आठवलं, घड्याळ बघा. जपानी अंमलात इथं टोकियोची वेळ होती. युद्धानंतर सिंगापूर ग्रिनिचच्या साडेसात तास पुढे होतं. १९८२ च्या पहिल्या दिवशी मलेशियानं काटे अर्धा तास पुढे ढकलले, सिंगापूरनंही ढकलले. नकाशानुसार या गावाची वेळ जवळपास सात तासांची, घड्याळात आहे आठ तासांची. सूर्य डोक्यावर येतो एकच्या सुमारास. म्हणजे रॅफल्स प्लेसची मंडळी एक वाजता जेवायला खाली उतरतात तेव्हा त्यांचे खरे तर बारा वाजलेले असतात. आणि पुण्यात साडेदहा, दुसऱ्या चहाची वेळ.