चमकीभोवती जागा सोडा

तुळशीचं लग्न लागलं की मुहूर्त सुरू होतात, आणि अंधेरी, बोरिवली, घाटकोपर, मुलुंडच्या सराफी दुकानांत नाक टोचून घ्यायला मुली येऊ लागतात. नवरीला नथ हवी, नथीसाठी टोचलेलं नाक हवं आणि त्याच चेहऱ्यावर दोन-तीन दिवस मेकअपही हवा. एवढं सगळं एका महिन्यात बसवायचं म्हटलं, की नवं टोचलेलं नाक आणि मेकअप एकत्र चालतात का, हा प्रश्न येतोच. त्यावर मिळणारं नेहमीचं उत्तर असं, की आठ-पंधरा दिवस जपा, मग काही होत नाही. हे उत्तर चुकीचं आहे, कारण ते बाहेरून दिसणाऱ्या जखमेवर बेतलेलं आहे. चेहऱ्याला मेकअप लावूच नये असं कोणी म्हणणार नाही. पण चमकीभोवतीच्या बोटाएवढ्या जागेत तो काही महिने पोचू द्यायचा नाही, याला भक्कम आधार आहे.

भाजी चिरताना बोट कापलं तर जखमेच्या दोन्ही कडा एकमेकींना भेटतात आणि आठवड्याभरात कातडी सांधली जाते. टोचलेल्या नाकात कडा भेटूच द्यायच्या नसतात, मधे धातूची काडी मुद्दाम ठेवलेली असते. त्यामुळे शरीराला वेगळं काम करावं लागतं. नाकाच्या बाहेरची त्वचा आणि आतलं अस्तर, दोन्हीकडच्या पेशी काडीच्या कडेने आत सरकत जातात आणि त्या छोट्या बोगद्याला कातडीचं अस्तर लावतात. सुरुवात दोन्ही तोंडांकडून होते, म्हणून तोंडं आधी बरी दिसतात आणि मधला भाग बराच काळ ओला राहतो. नाकपुडीचा हा बोगदा पुरता तयार व्हायला साधारण चार ते सहा महिने लागतात, कधी त्याहून अधिक. वरच्या बाजूला कूर्चेतून टोचलं असेल तर आणखी सावकाश, कारण कूर्चेला स्वतःच्या रक्तवाहिन्या नसतात. या काळात चमकीच्या कडेला जी पांढरट-पिवळसर खपली धरते तो पू नव्हे. जखमेतून झिरपणारी लस वाळून ती तयार होते. पंधराव्या दिवशी दुखणं थांबतं, लाली जाते आणि बोगदा आतून उघडा असतानाच आपण निर्धास्त होतो.

उघड्या जखमेत परकी वस्तू असण्याने काय फरक पडतो, हे लंडनमधल्या एका जुन्या प्रयोगाने दाखवून दिलं. १९५७ साली एलेक आणि कॉनेन या संशोधकांनी स्वयंसेवकांच्या त्वचेत स्टॅफिलोकॉकस जातीचे जिवाणू टोचून पाहिले. निरोगी त्वचेत पू धरायला जिवाणूंची संख्या दशलक्षांच्या घरात जावी लागली. मात्र त्याच त्वचेत रेशमी टाका घातलेला असला तर काही शे जिवाणू पुरले. म्हणजे एका दोऱ्याने त्वचेची प्रतिकारशक्ती सुमारे दहा हजार पटींनी खाली आणली. परक्या वस्तूच्या पृष्ठभागावर जिवाणूंना चिकटून राहायला आडोसा मिळतो आणि पांढऱ्या पेशींना त्यांच्यापर्यंत नीट पोचता येत नाही. चमकीची काडी ही अशीच परकी वस्तू आहे, आणि ती बसते कुठे, तर नाकपुडीत. स्टॅफिलोकॉकस ऑरियसचं माणसाच्या शरीरातलं मुख्य वसतिस्थान नाकपुडीचा पुढचा भागच आहे, आणि पाचातल्या किमान एका माणसाच्या नाकात तो कायमचा राहतो. आता यात मेकअपच्या डब्याची भर घाला. बर्मिंगहॅमच्या अ‍ॅस्टन विद्यापीठात वापरातल्या ४६७ प्रसाधनांची तपासणी झाली. लिपस्टिक, लिपग्लॉस, आयलायनर, मस्कारा आणि फाउंडेशन पसरायचे स्पंज असा तो साठा होता, आणि दर प्रकारातल्या ७९ ते ९० टक्के वस्तूंत जिवाणू सापडले. स्पंजांची अवस्था सगळ्यांत वाईट होती. त्यांतले ९३ टक्के कधी धुतलेच नव्हते आणि ६४ टक्के जमिनीवर पडूनही पुढे वापरले गेले होते. निरोगी गालाला हे जिवाणू सहसा काही करत नाहीत, गालावर त्यांना लाखांनी यावं लागेल. दोन बोटं पलीकडे, चमकीच्या कडेला, शेकड्यांनी पुरतं. सगळा मुद्दा या एका फरकावर उभा आहे.

समजा, प्रसाधन नवंकोरं आहे आणि त्यात एकही जिवाणू नाही. तरी प्रश्न उरतोच, कारण फाउंडेशन आणि पावडर म्हणजे बारीक खनिज कणच असतात : टाल्क, अभ्रक, लोखंडाची ऑक्साइडं, टायटॅनियम डायऑक्साइड. कातडीवर ते निरुपद्रवी असतात. जखमेत शिरले की शरीर त्यांना विरघळवू शकत नाही, मग पेशी त्यांच्याभोवती गोळा होऊन गाठ बांधतात. शस्त्रक्रियेच्या जगाने हे मोठी किंमत देऊन शिकून घेतलं आहे. एकेकाळी डॉक्टरांच्या रबरी हातमोज्यांना आतून टाल्क लावत, आणि ते पोटात सांडून गाठी आणि चिकटे तयार होत. म्हणून टाल्क गेलं, स्टार्च आलं. स्टार्चनेही त्रास दिला, आणि अखेर अमेरिकेत २०१६ साली पावडरवाल्या हातमोज्यांवर बंदीच आली. चमकीच्या बाजूला उगवणारी लालसर, मांसल पुटकुळी पुष्कळदा अशाच सततच्या चाळवण्यातून येते. ती दिसली की पहिला हात कन्सीलरकडे जातो, आणि पुटकुळी ज्यामुळे आली तेच तिच्यावर पुन्हा थापलं जातं.

यावर पहिली हरकत घरातूनच येते. आजीने, पणजीने सोन्याच्या तारेने नाक टोचून घेतलं, वर हळद आणि खोबरेल लावलं, कोणाला काही झालं नाही. या हरकतीत तथ्य आहे, आणि ते तारेत आहे. २२ कॅरटमध्ये हजारातले ९१६ भाग सोनं असतं, उरलेलं बहुधा तांबं आणि चांदी. स्वस्त खोट्या चमकीत असणारं निकेल त्यात सहसा नसतं, आणि त्वचेला वावडं असतं ते निकेलचं. शिवाय त्या चेहऱ्यांवर पावडर आणि कुंकू यांपलीकडे फारसं काही नसे. सिलिकॉनचा प्रायमर, त्यावर फाउंडेशन, त्यावर सेटिंग स्प्रे असे थर तेव्हा नव्हते. परंपरेचा दाखला द्यायचा तर तो पुरा द्यावा. सुश्रुतसंहितेत कान टोचण्याचा विधी आहे, आणि त्यात टोचल्यानंतर छिद्रात वात ठेवावी, तेलाचा उपचार करावा, दर तीन दिवसांनी आधीपेक्षा जाड वात घालावी असं बारकाईने सांगितलं आहे. टोचलेलं छिद्र ही उपचार चालू असलेली जखम आहे, हे त्या शल्यविशारदाला पक्कं ठाऊक होतं.

हळदीचं काय? अमेरिकेत जखमेवर हळद वापरण्यासाठी १९९५ साली दिलं गेलेलं पेटंट डॉ. रघुनाथ माशेलकर यांच्या नेतृत्वाखालच्या सीएसआयआरने आव्हान देऊन १९९७ मध्ये रद्द करवून घेतलं, याचा मराठी माणसाला रास्त अभिमान आहे. त्या लढाईत सिद्ध झालं ते असं, की हे ज्ञान भारताला आधीपासून होतं. मिसळणाच्या डब्यातली हळद निर्जंतुक आहे, असं त्यातून कुठेच निघत नाही. मसाल्यांच्या पुडीत जिवाणूंचे बीजाणू असतात, आणि भुकटी म्हणून तिचे कणही टाल्कसारखेच बोगद्यात अडकतात. लग्नघरातल्या हळदीला हेच लागू आहे. नवऱ्याच्या अंगाची उष्टी हळद नवरीला लावताना ती अनेक हातांतून आलेली असते. नवरीचं नाक नवं टोचलेलं असेल तर गाल, कपाळ, हात भरून हळद लावावी आणि नाकपुडी सोडावी. विधीला त्याने काही उणं येत नाही.

दुसरी हरकत नोकरीची, आणि ती मला अधिक गंभीर वाटते. अंधेरीच्या स्टुडिओत काम करणाऱ्या, विमानतळावर किंवा मॉलमधल्या काउंटरवर उभ्या राहणाऱ्या मुलीला सहा महिने मेकअप करू नकोस असं सांगणं हा सल्लाच नव्हे. तिच्यासाठी नियम जागेचा हवा. चमकीच्या सर्व बाजूंनी बोटाच्या रुंदीइतकी कातडी कोरी ठेवावी. सुटी पावडर उडते आणि स्प्रेचे थेंब कुठेही बसतात, म्हणून या दोन्हींना सुट्टी द्यावी आणि जागच्या जागी राहणारं क्रीम वापरावं. डबा स्वतःचा, ताजा उघडलेला असावा. दुसऱ्याचा ब्रश किंवा स्पंज चेहऱ्याला लागू देऊ नये, मग मेकअप करणारी व्यक्ती कितीही नावाजलेली असो. लावण्यापेक्षा उतरवण्यात धोका जास्त आहे, कारण उतरवताना सगळा थर पातळ होऊन वाहतो आणि कापसाचे धागे चमकीच्या फिरकीत अडकतात. म्हणून पुसताना हात नाकाकडून गालाकडे, बाहेरच्या दिशेने न्यावा. शेवटी चमकीची जागा ०.९ टक्क्याच्या निर्जंतुक मिठाच्या पाण्याने, म्हणजे केमिस्टकडे मिळणाऱ्या नॉर्मल सलाईनने भिजवून खपली आपोआप सुटू द्यावी. हायड्रोजन पेरॉक्साइड टाळावं, ते जिवाणूंबरोबर जखम भरणाऱ्या पेशीही मारतं. उपनगरातल्या दमट हवेत घाम सुकत नाही आणि लोकलच्या गर्दीत तो थर ओघळून नाकाच्या कडेपर्यंत येतो. सकाळी सोडलेली कोरी जागा दुपारी कोरी असेलच असं नाही. घाम टिपावा, चोळू नये.

उत्पादनावर 'नैसर्गिक' किंवा 'हायपोअ‍ॅलर्जेनिक' छापलं आहे म्हणून ते चमकीपर्यंत न्यायला हरकत नाही, असंही अनेकींना वाटतं. हायपोअ‍ॅलर्जेनिकचा निर्जंतुकतेशी काही संबंध नाही. आणि परिरक्षक वगळलेलं नैसर्गिक क्रीम उघडल्यावर उलट लवकर दूषित होतं.

या सगळ्यात मला सर्वांत काळजीची वाटते ती झाकण्याची सवय. सावळ्या त्वचेवर लाली आधीच उशिरा दिसते. वर कन्सीलर असला तर जंतुसंसर्गाची पहिली खूण दिसतच नाही. म्हणून डोळ्यांवर विसंबू नये. जागा गरम लागते का, ठणकते का, सूज पसरते आहे का, हिरवट किंवा दुर्गंधी येणारा पू आहे का, हे रोज रात्री मेकअप उतरवल्यावर पाहावं. यातलं काही असेल तर चमकी स्वतः काढू नये, कारण तोंड मिटलं की पू आत कोंडतो. त्वचारोगतज्ज्ञाला दाखवावं. ताप आला, डोळ्याभोवती सूज आली किंवा डोकं असह्य दुखू लागलं तर त्याच दिवशी रुग्णालय गाठावं. नाकाभोवतीच्या शिरा डोळ्यामागून मेंदूच्या तळाशी असलेल्या शिरांना जोडलेल्या असतात. तिथवर संसर्ग पोचणं विरळा आहे, पण पोचला तर जिवावर बेततं.

आता नथीकडे. महिन्याभरापूर्वी टोचलेल्या नाकातून चमकी काढून नथीची तार सरकवली, की अर्धवट तयार झालेलं अस्तर फाटतं. ती तार फाउंडेशन लावलेल्या कातडीवरून आत जाते, म्हणजे सगळा थर आपणच बोगद्यात ओढून नेतो. वर मोत्यांचा भार ती जखम दिवसभर ओढत राहतो. टोचलेल्या नाकाशिवाय नथ घालता यावी म्हणून आपल्याकडे दाबाची नथ आहेच, आणि तीही तितकीच देखणी मिळते. पण कोवळ्या छिद्रावर तिचाही दाब नको. तेव्हा लग्न वैशाखात असेल तर नाक दिवाळीत टोचून घ्या. हिवाळ्याची त्यातल्या त्यात कोरडी हवा जखमेला मिळेल आणि सहा महिने हाताशी राहतील. तेवढा वेळ उरला नसेल तर लग्नात दाबाची नथ घाला आणि नाक लग्न झाल्यावर टोचा.