आधी संकलन, मग चित्रण

संकलन म्हटलं की चित्रीकरण आटोपल्यावर बंद खोलीत चालणारं काम डोळ्यांसमोर येतं. 1963 साली बीबीसीच्या नाट्यविभागात हा क्रम उलटा होता. दोन इंच रुंदीची चित्रफीत फार महाग. तिच्यात जोड द्यायचा तर ती खरोखरच कापावी लागे. त्यामुळे पंचवीस मिनिटांचा भाग जवळजवळ सलग वठवायचा. आपल्या एकांकिका स्पर्धेसारखं, पडदा उघडला की माघार नाही. कोणत्या वाक्याला कोणता कॅमेरा, हे दिग्दर्शक संहितेवर आधीच आखून ठेवी. चित्रण सुरू असताना नियंत्रण कक्षात त्याने इशारा द्यायचा, व्हिजन मिक्सरने बटण दाबायचं. झाला कट, तोच कायमचा.

‘डॉक्टर हू’ या विज्ञानमालिकेची पहिली कथा अशी उभी केली वारिस हुसेन यांनी. जन्म लखनौचा, 1938 चा. त्यांची आई अतिया हुसेन म्हणजे लखनौच्या तालुकदार घराण्याची कहाणी ‘सनलाइट ऑन अ ब्रोकन कॉलम’ या कादंबरीत मांडणाऱ्या लेखिका. 1946 मध्ये हे कुटुंब इंग्लंडला गेलं. ही मालिका हाती आली तेव्हा वारिस अवघे 24 वर्षांचे होते, निर्मात्या व्हेरिटी लॅम्बर्ट 27 च्या.

लाइम ग्रोव्हचा स्टुडिओ डी जुना, अडचणीचा, दिव्यांनी तापायचा. 27 सप्टेंबरला पहिला भाग चित्रित झाला, पण टार्डिस या यानाचे दरवाजे नीट मिटेनात. नाट्यविभागाचे प्रमुख सिडनी न्यूमन यांनी अख्खा भाग पुन्हा करायला लावला. तो 18 ऑक्टोबरला झाला.

मला त्यातली सुरुवात फार मोलाची वाटते. धुकं, गस्तीचा पोलीस, फाटक उघडतं आणि कॅमेरा भंगारातून सरकत पोलिसांच्या उभ्या खोक्यापाशी, म्हणजे टार्डिसपाशी येतो. तिथे घाई नाही, की उगाच तोडलेलं दृश्य नाही. त्याआधीची शीर्षकं तर कॅमेरा त्याच्याच मॉनिटरवर रोखून मिळवलेली: प्रतिमा स्वतःलाच गिळत फिरते, प्रकाशाचे लोट उठतात. यान निघतं तेव्हा तीच आकृती माणसांच्या चेहऱ्यांवर चढवली आहे. काळाचा प्रवास दाखवायला एवढं पुरलं.

23 नोव्हेंबरला भाग प्रसारित झाला. आदल्याच दिवशी केनेडींची हत्या झाली होती. त्या बातमीत पहिला भाग झाकोळला, म्हणून पुढच्या शनिवारी दुसऱ्या भागाआधी तो पुन्हा दाखवला.

1964 मध्ये हुसेन यांनी याच मालिकेच्या ‘मार्को पोलो’ या सात भागांच्या कथेतले सहा दिग्दर्शित केले, चौथा दुसऱ्याने. फिती पुढे पुसल्या गेल्या. आवाज उरला तो चाहत्यांनी घरी ध्वनिमुद्रित केल्यामुळे. चित्रं उरली ती पडद्यावरून टिपलेली, हुसेन यांनी स्वतःपाशी जपलेली: फक्त त्यांच्या सहा भागांची. चौथ्या भागाची तशी चित्रं नाहीत.