कुत्र्याचं मन आणि यंत्राची नीती

कुत्रा शेपटी हलवू लागला, की त्याला आनंद झाला असं आपण म्हणतो. बोलणारं यंत्र ‘क्षमा करा’ म्हणालं, की त्याला आपली चूक कळली असं वाटतं. दोन्हीकडे आपण बाहेरचं वागणं पाहून आतल्या मनाविषयी बोलत असतो. हे अनुमान कितपत भरवशाचं? या प्रश्नाला तीन बाजूंनी भिडणाऱ्या एका तत्त्वज्ञाची आज ओळख करून द्यायची आहे. त्यांचं नाव कॉलिन ॲलन.

अमेरिकेतल्या विद्यापीठांत शिकवणाऱ्या ॲलन यांची तीन पुस्तकं वरवर पाहता तीन दिशांची वाटतात. १९९२ मध्ये मायकेल हँड यांच्यासह लिहिलेलं ‘लॉजिक प्रायमर’ हे तर्कशास्त्राचं पाठ्यपुस्तक. १९९७ चं ‘स्पीशीज ऑफ माइंड’ प्राण्यांच्या मनाविषयीचं. त्याचे सहलेखक प्राण्यांच्या वर्तनाचे अभ्यासक मार्क बेकॉफ. आणि २००९ चं ‘मॉरल मशीन्स’, वेंडेल वॉलक यांच्यासह लिहिलेलं, यंत्रांच्या नीतीविषयीचं. मला मात्र या तिन्हींना जोडणारा धागा तर्कशास्त्राच्या अगदी पहिल्या धड्यात सापडतो.

पाऊस पडला तर अंगण ओलं होतं. अंगण ओलं आहे. म्हणून पाऊस पडला. ऐकायला हे बरोबर वाटतं. पण कुणी नुकताच सडाही घातलेला असेल! आता असं पाहा: मन असेल तर प्राणी अमुक असं वागेल; तो तसं वागतो; म्हणून त्याला मन आहे. हीदेखील तीच गफलत. पण सड्याची शक्यता दाखवली म्हणून पाऊस पडलाच नाही, असंही सिद्ध होत नाही. तेव्हा ‘जनावराला कसलं आलंय मन’ म्हणणाराही तितकाच उतावळा. शहाणा माणूस वाद घालत बसत नाही. तो मान वर करून छप्पर ओलं आहे का ते पाहतो. सड्यानं छप्पर भिजत नाही.

बेकॉफ यांनी असंच एक छप्पर शोधलं. खेळायला बोलावताना कुत्रा पुढचे पाय जमिनीला टेकवतो आणि मागचा भाग वर ठेवतो. ही मुद्रा आपल्या गल्लीतही रोज दिसते. ती नुसत्या उत्साहाची असेल, तर खेळात केव्हाही, कशीही यायला हवी. पण ‘हा खेळ आहे, मनावर घेऊ नकोस’ असा तिचा अर्थ असेल, तर गैरसमजाची भीती असेल तिथे ती अधिक दिसायला हवी. बेकॉफ यांनी कुत्रे आणि लांडग्या-कायोटींची पिल्लं यांच्या खेळाचं बारकाईनं निरीक्षण केलं. १९९५ मध्ये प्रसिद्ध झालेला निष्कर्ष असा, की तोंडात पकडून मान जोरात झटकण्यासारख्या चाव्याच्या लगेच आधी किंवा लगेच नंतर ही मुद्रा विशेष करून येते. असा चावा खऱ्या हल्ल्यातही असतो. एवढ्यानं कुत्र्याचं सगळं मन उलगडलं असं नाही. पण ‘हा नुसता उत्साह’ हे म्हणणं मात्र लंगडं पडलं.

आता यंत्राकडे वळू. बोलणारं यंत्र माणसांनी लिहिलेल्या अफाट मजकुरावर शिकलेलं असतं. तक्रारीनंतर क्षमा मागतात, हे त्या मजकुरात जागोजागी आहे. म्हणजे इथे सडा कुणी घातला, हे आपल्याला आधीच ठाऊक आहे. तेव्हा नुसत्या क्षमायाचनेवरून पश्चात्ताप गृहीत धरता येत नाही.

वॉलक आणि ॲलन यांचं म्हणणं असं, की यंत्राला मन आहे का, याचा निकाल लागेपर्यंत थांबता येणार नाही, कारण यंत्रं निर्णय घेऊ लागली आहेत. त्यांना नीती शिकवण्याच्या दोन वाटा ते तपासतात. एक, वरून नियम घालून देणं. दुसरी, लहान मुलासारखं अनुभवातून शिकू देणं. नियम एकमेकांशी भांडतात, आणि अनुभवातून नको तेही शिकलं जातं. म्हणून दोन्हींची सांगड घालावी लागेल, असं ते सुचवतात. शिवाय ते पायऱ्या मांडतात. पहिल्या पायरीवर यंत्राची नीती पूर्णपणे बनवणाऱ्याच्या आणि वापरणाऱ्याच्या हातात असते. त्यापुढे, कृतीच्या बऱ्यावाईट परिणामांचा काही अंदाज यंत्र स्वतः घेऊ शकतं. माणसासारखी पूर्ण नैतिक जबाबदारी ही फार पुढची पायरी.

या पायऱ्या सामान्य माणसाच्याही कामाच्या आहेत. कर्जाचा अर्ज फेटाळला गेला आणि खिडकीपलीकडून ‘कॉम्प्युटरनंच नाही म्हटलं’ असं उत्तर आलं, तर यंत्र कुठल्या पायरीवर आहे, ते आपण विचारायला हवं. त्याचे निकष कुणी ठरवले? चूक झाली तर उत्तर कोण देणार? यंत्राला नसलेलं मन बहाल केलं, की जबाबदार माणूस त्याच्याआड सहज लपतो. आणि मुक्या जनावराला असलेलं मन नाकारलं, की त्याच्या वेदनेची दखल घ्यायला कुणी उरत नाही. दोन्ही अन्याय घाईच्या अनुमानातून होतात. म्हणून निवाडा करण्याआधी एकदा छपराकडे पाहावं, एवढंच मला सांगायचं आहे.