साहेबमामांच्या तालुक्यातला मुलगा

गेल्या महिन्यात मुरगुडातल्या एका ओळखीच्या घरी रिश्त्याची बोलणी चालली होती. मुलगा आमचा जुना विद्यार्थी. "मुलगा काय करतो?" पाहुण्यांनी विचारलं. अब्बा चाचरत म्हणाले, "कोल्हापुरात शूटिंगवर असतो." "म्हणजे ॲक्टर?" "नाही, मॅनेजर." पाहुण्यांनी चहा घेतला आणि विषय बदलला.

नंतर आम्ही त्याला विचारलं, नेमकं काय करतोस? उद्या किती माणसं येणार, कोणाची गाडी कुठून निघणार, जनरेटरचं डिझेल, ग्रामपंचायतीची परवानगी, दीडशे ताटं, कोणाला मधुमेह, कोणाचा उपवास, हे सगळं आदल्या रात्री कागदावर आणणारा तो. पाऊस आला तर बोलणी त्यालाच. पैसे दिवसावर, तेही उशिरा मिळतात. सिनेमा संपताना त्याचं नाव वर सरकतं तेव्हा लोक चपला शोधत असतात.

पडद्यामागच्या या कामाला आपल्या घरांतून मान नाही, याचं आम्हाला नवल वाटतं. कारण या कामाचा एक थोर माणूस आपल्याच कागलचा. शेख फत्तेलाल, सगळ्यांचे साहेबमामा. जन्म 1897. कोल्हापुरात बाबुराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत ते आणि विष्णुपंत दामले एकत्र तयार झाले. रंगवलेल्या पडद्यांच्या जागी तिथे खऱ्यासारखे उभे सेट आले. पुढे 1929 साली कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी निघाली, तिच्या पाच भागीदारांत शांताराम, दामले, धायबर, कुलकर्णी आणि आपले फत्तेलाल. 1933 मध्ये कंपनी पुण्याला गेली; तिच्या आवारात आज फिल्म इन्स्टिट्यूट आहे.

प्रभातच्या चित्रपटांतले राजवाडे, देवळं, पेहराव यांमागे साहेबमामांची नजर असे. 1932 चा 'अयोध्येचा राजा' घ्या, नाहीतर 1934 चा 'अमृतमंथन'. आणि 1936 चा 'संत तुकाराम' तर त्यांनी दामल्यांबरोबर दिग्दर्शितच केला. देहूचं ते घर, तो चौक पाहून वारकरी म्हाताऱ्या हात जोडत. मुंबईत तो वर्षाहून अधिक चालला आणि व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. वारकऱ्यांचा तुकोबा पडद्यावर आणणाऱ्या दोघांतला एक कागलचा मुसलमान, हे आमच्या वर्गात सांगितलं की मुलं आधी हसतात, मग गप्प होतात. पाठ्यपुस्तकात मात्र आम्हाला ते नाव अजून सापडलेलं नाही. असो.

हे सगळं आम्ही मुलीच्या मामूंना सांगितलं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाले, "सर, ते मोठे लोक. आमच्या पोरीला तो महिन्यात किती दिवस दिसणार, ते सांगा."

प्रश्न रास्त होता. आम्ही मुलालाच फोन लावून दिला. चालू काम संपेपर्यंत आठवड्याला एक दिवस, हे त्याने लपवलं नाही. पगाराचंही खरं सांगितलं. मामूंनी शेवटी जुम्म्याच्या नमाजेचं विचारलं.

"वेळापत्रक मीच लिहितो, मामू," तो म्हणाला. "शुक्रवारी जेवणाची सुट्टी एक वाजता लावतो. अजून कोणाच्या लक्षात आलेलं नाही."

मामू हसले. पुढच्या रविवारी ते मुरगूडला येणार आहेत.