मूर्ती लहान, कीर्ती महान

ज्या युगात नवे यंत्र घरात येते न येते तोच ते जुने ठरते, त्या युगात एखाद्या उपकरणाची मागणी जवळजवळ अर्धशतक टिकून राहावी, ही गोष्ट विचार करण्याजोगी आहे. बीबीसीच्या संशोधन विभागाने १९७०च्या दशकात सिद्ध केलेला ‘एलएस ३/५ए’ हा ध्वनिक्षेपक असेच एक उपकरण होय. सुमारे ३० सेंटिमीटर उंच, १९ सेंटिमीटर रुंद आणि १६ सेंटिमीटर खोल अशी ही लाकडी पेटी सहज एका हाताने उचलता येते.

तिचा जन्म बाजारासाठी झाला नाही. क्रीडांगणावरून किंवा सभागृहातून कार्यक्रम प्रक्षेपित करताना तंत्रज्ञाला मोटारीतल्या अडचणीच्या जागेत बसून ध्वनीचा निवाडा करावा लागे. तेथे मोठा ध्वनिक्षेपक मावत नसे. सभागृहांच्या छोट्या प्रतिकृतींवर चाललेल्या ध्वनिसंशोधनात तयार झालेली एक लहान पेटी या कामी उपयोगी पडली आणि तीतूनच पुढे हे उपकरण घडले.

ऐकणाऱ्याला खूष करणे हे त्याचे काम नव्हते. ध्वनीतील दोष दाखविणे हे होते. बीबीसीचे संशोधक केवळ मोजमापावर विसंबले नाहीत. प्रत्यक्ष मनुष्याचे बोलणे आणि ध्वनिक्षेपकातून येणारे तेच बोलणे यांची ते तुलना करीत. सर्वांत परिचित असलेल्या मानवी आवाजात झालेली भेसळ कानाला तत्काळ कळते. भक्कम जाड फळ्यांऐवजी बर्चच्या पातळ प्लायवूडच्या भिंती आणि त्यांना आतून कंप शोषणारे अस्तर, ही योजनाही अशाच परीक्षणांतून आली. १९७६ मध्ये या रचनेचा अहवाल प्रसिद्ध झाला. उत्पादनाचे परवाने रॉजर्स, स्पेंडॉर आदी कंपन्यांना मिळाले, परंतु कोणत्याही कारखान्यातली पेटी ठरलेल्या नमुन्याशी जुळलीच पाहिजे, हा दंडक कडक होता.

या पेटीला मर्यादा आहेत. अतिखर्जाचे स्वर तिच्यातून उमटत नाहीत आणि मोठ्या दालनात ती अपुरी पडते. तिच्या खालच्या स्वरांना किंचित उठावही आहे. सत्यकथनाच्या या साधनाने तेवढी तडजोड पत्करली. आज तिच्या जुन्या जोड्या संग्राहक भारी किमतीला घेतात, तेव्हा त्यात गतकाळाच्या ओढीचा अंश असतो, हेही नाकारता येणार नाही.

परंतु केवळ ओढीवर लौकिक इतका टिकत नाही. केफ कंपनीने तिच्यातील ध्वनिघटक बनविणे थांबविल्यावर १९९०च्या दशकाच्या अखेरीस मूळ उत्पादन बंद पडले. पुढे फाल्कन या कंपनीने ते घटक नव्याने घडवून ही पेटी परवान्यानिशी पुन्हा बाजारात आणली. केफमध्ये असताना मूळ घटकांची रचना करणारे माल्कम जोन्स हेच फाल्कनचे संस्थापक.

सार्वजनिक संस्थांच्या संशोधनाकडे हिशेबनीस नेहमीच संशयाने पाहतात. विक्रीची घाई नसलेल्या एका विभागाने आपल्या तंत्रज्ञांची गरज नेमकी ओळखून जे केले, त्यावर अनेक खाजगी कारखाने दशकानुदशके चालले. असा लाभ अंदाजपत्रकाच्या एका वर्षात दिसत नाही. म्हणून तो नसतोच, असे मात्र नव्हे.